घाटातली वळणं : वाचकांची पत्रं, बाईंची उत्तरं

मागच्या अंकात मी बेळगावाहून कोकण-गोव्याकडे उतरणाऱ्या घाटांवर एक लहानसं टिपण लिहिलं होतं. घाटात गेल्यावर धबधबे आणि झाडं बघण्याआधी रस्त्याची रेषा बघा, कारण ती डोंगराच्या उताराने आखलेली असते, एवढंच माझं म्हणणं होतं. त्यावर पत्रं आली, काही प्रेमाची, काही रागाची. खानापूर तालुक्यातल्या मराठी शाळेत चित्रकला शिकवण्यात माझी नोकरी गेली आणि आमचे हे याच घाटांतून बस चालवून निवृत्त झाले. त्यामुळे आमच्या घरात वळण हा दोघांचाही विषय आहे. पुढची उत्तरं ह्यांच्याशी बोलूनच लिहिली आहेत.

बाई, वळणांचं कौतुक पुरे झालं. कामासाठी दर आठवड्याला पणजीला जावं लागतं, त्या माणसाला विचारा. आता एवढी यंत्रं आली आहेत, मग डोंगर कापून रस्ता सरळ का करत नाहीत? आणि त्या वळणात तुम्हाला नेमकं सुंदर काय दिसतं?
— एक नोकरदार वाचक, शहापूर, बेळगाव

तुमचा वैताग मला समजतो. ट्रकच्या मागे अडकून चोर्ला घाट उतरणं म्हणजे काय, ते मी पाहिलेलं आहे. तरी पुढच्या खेपेला एक करा. पिरनवाडीचा फाटा सोडलात की घाट नक्की कुठे सुरू होतो याकडे लक्ष ठेवा. किणये मागे पडतं, कुसमळीला मलप्रभा ओलांडता, जांबोटी येते, जंगल दाट होत जातं आणि कणकुंबी येते. रस्ता वळतो, पण घाट चढलो असं कुठेच वाटत नाही. बेळगाव मुळातच साधारण ७५० मीटर उंचीवर आहे आणि कणकुंबी ८०० मीटरच्या आसपास. सह्याद्रीच्या माथ्यावर आपण जवळजवळ सपाटीने पोहोचतो आणि पलीकडे तो माथा एकदम तुटतो. कणकुंबीला माउलीच्या देवळाजवळ उगम पावलेली मलप्रभा पूर्वेकडे निघते, पुढे कूडलसंगमला कृष्णेला मिळते आणि तिचं पाणी बंगालच्या उपसागराला जातं. त्याच गावाजवळचा कळसा नाला मात्र म्हादईत उतरून अरबी समुद्र गाठतो. एका गावच्या शिवारातलं पाणी दोन समुद्रांना वाटलं जातं, ती ही जागा.

ही कड उतरायची म्हणून वळणं. हिशेब शाळेतल्या मुलालाही जमेल असा आहे. डोंगरातल्या रस्त्याला साधारणपणे २० मीटर पुढे गेल्यावर १ मीटर असा चढ धरतात. अगदीच नाइलाज असेल तिथे १४ मीटरला १ मीटरपर्यंत जातात. आता ६०० मीटर उंची उतरायची म्हटली तर २० ला १ या प्रमाणात १२ किलोमीटर रस्ता लागणार. माथा आणि पायथा यांतलं सरळ अंतर समजा ४ किलोमीटर आहे. मग उरलेले ८ किलोमीटर ठेवायचे कुठे? ते डोंगराच्या अंगावरच, इकडून तिकडे आणि तिकडून इकडे, असे बसवावे लागतात. सरळ केलेल्या रस्त्यावरून भरलेला ट्रक चढणं कठीण, आणि उतरताना ब्रेक तापून निकामी होण्याची भीती.

पूर्ण मागे फिरणारं वळण करताना तर फार विचार करावा लागतो. आतल्या बाजूची त्रिज्या निदान १४ मीटर हवी, तिथे रस्ता जास्त रुंद हवा, बाहेरची कड उचललेली हवी, आणि वळणापुरता चढ ४० ला १ यापेक्षा जास्त नसावा. आमचे हे सांगतात की नीट आखलेल्या वळणात गाडी हातात हलकी होते. गिअर वळणाच्या आधीच उतरवलेला असतो, हॉर्न दिलेला असतो, आणि स्टेअरिंग एकदा वळवलं की मध्ये दुरुस्त करावं लागत नाही. आखणी चुकलेल्या वळणात हात दोनदा-तीनदा हलतो. माझ्या डोळ्याला जे वळण सुरेख वाटतं तेच ह्यांच्या हाताला सोपं जातं, हे आम्ही दोघांनी अनेक ठिकाणी ताडून पाहिलं आहे. मी वहीत रेषा काढायची आणि ह्यांनी बोट ठेवून सांगायचं, ‘इथं गाडी ओढते.’ बहुतेक वेळा माझी पेन्सिलही तिथेच अडखळलेली असते.

आता सुंदर काय ते सांगते. जुलै-ऑगस्टमध्ये खानापूर तालुक्यात एखाद्या टेकाडावरून भाताची खाचरं बघा. बांध वाकडेतिकडे वाटतात, पण प्रत्येक बांध एकाच उंचीवरून फिरलेला असतो, कारण त्याला पाणी सपाट उभं करायचं असतं. जमीन आत वळली की बांध आत, पुढे आली की बांध बाहेर. घाटरस्ता हेच करतो. फरक एवढाच की तो दर वीस मीटरला एक मीटर उंची सोडत जातो. म्हणून रस्ता बघितला की डोंगर कुठे पोटाशी वळलाय, कुठे सोंड पुढे काढलीय, कुठे ओहोळ आहे, हे झाडीखाली झाकलेलं सगळं कळतं. नुसत्या हिरव्या डोंगराकडे बघून ते कळत नाही. मला त्या रेषेत हे दिसतं, आणि ते मला फार सुंदर वाटतं.

लोंढ्याकडून कॅसलरॉकवरून कुळ्याला उतरणारी रेल्वे बघा. तिथला चढ ३७ ला १ आहे. रस्त्याच्या मानाने हा काहीच नाही, पण रुळावरच्या लोखंडी चाकांना तो भारी पडतो. म्हणून तिथे बोगदे आहेत, पूल आहेत आणि लांबलचक वळणं आहेत. दूधसागरपाशी गाडी अशी वळते की खिडकीतून आपल्याच गाडीचे डबे दिसतात. रेल्वेला मागे फिरणारं वळण घेता येत नाही, रस्त्याला येतं. एकाच डोंगराने दोघांना दोन वेगळ्या रेषा दिल्या आहेत.

राहिला डोंगर कापण्याचा प्रश्न. रुंदीकरणाला माझा विरोध नाही. दोन बस जिथे एकमेकींना ओलांडू शकत नाहीत तिथे रस्ता वाढलाच पाहिजे, आणि दरीकडचा कठडा तर सगळीकडे हवा. पण रेषाच सरळ करायला गेलं की डोंगराची बाजू उभी कापावी लागते. वर जांभा, त्याखाली मऊ माती, त्यात आपल्याकडचा पाऊस मुरला की ती बाजू रस्त्यावर येते. मग महिना-महिना वाहतूक बंद. तुमचा जो वेळ सरळ रस्त्याने वाचायचा, तो असा जातो.

माझ्या फोटोंत घाट सपाट येतो. डोळ्यांना चार-पाच वळणं दिसतात, फोटोत एक काळी रेघ आणि हिरवा ठिपका. चांगला कॅमेरा घ्यावा का?
— महाविद्यालयीन विद्यार्थी, निपाणी

कॅमेरा नको, जागा आणि वेळ बदल. मोबाइलची साधी लेन्स खूप रुंद बघते. त्यामुळे पायाजवळचं गवत मोठं होतं आणि लांबची वळणं बारीक होऊन मागे जातात. झूम दोनपट-तीनपट कर, म्हणजे एकाखाली एक असलेली वळणं जवळ येतील. शिवाय रस्त्याच्याच पातळीवर उभं राहिलं तर एका वेळी एकच वळण दिसतं. रस्त्याच्या वरच्या टप्प्यावरून खालचा टप्पा बघायचा, तेव्हा ती घडी उलगडते.

उजेडाचं सांगते, कारण इथे बरेच जण फसतात. पहाटे उठून सूर्योदयाला घाटात जायचं असं सगळे सांगतात. आपले हे घाट पश्चिमेकडे तोंड करून आहेत. सकाळी सूर्य डोंगराच्या मागे असतो आणि वळणांची सगळी बाजू सावलीत. सकाळ चांगली ती दरीतल्या धुक्यासाठी, एकामागे एक निळ्या होत जाणाऱ्या डोंगररांगांसाठी. जितकी हवा मध्ये जास्त, तितका तिच्यात विखुरलेला निळा उजेड जास्त, म्हणून लांबची रांग फिकी निळी दिसते आणि जवळची गडद हिरवी. रस्ता हवा असेल तर दुपारी चारनंतर जा. उजेड तिरका पडतो, कठड्याची सावली डांबरावर येते आणि वळणाचा आतला-बाहेरचा भाग वेगळा कळतो.

ऋतूही बघ. एप्रिलमध्ये गवत पिवळं आणि रस्ता काळा, म्हणजे रेषा गडद. जुलैमध्ये याच्या उलट होतं. ओल्या डांबरावर आभाळ उतरतं, रस्ता चांदीसारखा उजळ होतो आणि डोंगर काळपट हिरवा. एकाच जागेवरून हे दोन फोटो काढून शेजारी ठेव.

आणि एक जवळचा फोटोही काढ. कुठल्याही मोठ्या वळणावर, गाड्या नसताना, कडेला उभं राहून डांबराकडे बघ. आतल्या बाजूला टायरांनी घासून ते गुळगुळीत झालेलं असतं, बाहेरच्या बाजूला बारीक खडी साचलेली असते. डोंगराकडच्या गटारातून तांबडं पाणी वाहत येतं, मोरीच्या तोंडाशी पानं अडकतात, आणि तेच पाणी रस्त्याखालून जाऊन दरीच्या बाजूला दगडी भिंतीतून बाहेर पडतं. त्या भिंतीवर शेवाळ आणि नेचे उगवलेले असतात. सगळं वळण या मोरीवर उभं आहे. ती तुंबली की पाणी रस्त्यावरून वाहतं, कड धुपते आणि एके दिवशी अर्धा रस्ता खाली जातो.

गाडी मात्र वळणावर थांबवू नकोस. पुढची रुंद जागा येईपर्यंत जा, गाडी लाव आणि चालत मागे ये, डोंगराच्या बाजूने. कठड्यावर चढून फोटो काढायचा नाही. हे मी विनवून सांगते आहे.

आंबोली, तिलारी, चोर्ला, अनमोड. वळणं बघायला यांतला सगळ्यात सुंदर घाट कोणता?
— वाचक, अनगोळ

माझा कौल चोर्ल्याला, पण चारही वेगळे आहेत. वेंगुर्ला रोडने शिनोळी, पाटणे फाटा करत आंबोलीला गेलात तर जुन्या काळची आखणी बघायला मिळते. इंग्रजांच्या वेळी बेळगावच्या छावणीचा माल वेंगुर्ल्याच्या बंदरात उतरून याच वाटेने वर यायचा. बैलगाडीला झेपेल असा चढ धरायचा, म्हणून रस्ता लांब-लांब टप्पे घेत उतरतो. घाई नाही त्या रेषेला. तिलारी याच्या उलट : चढ उभा, वळणं आवळलेली, दरी एकदम पायाखाली. ज्याचा हात पक्का नाही त्याने तिथे स्वतः गाडी नेऊ नये, पावसात तर नाहीच. अनमोड मोलेच्या अभयारण्यातून उतरतो. तिथे लांबवरचं काही दिसत नाही, सगळं जंगलाच्या आत. दुपारी झाडांतून उन्हाचे तुकडे रस्त्यावर पडतात आणि प्रत्येक वळणाला त्यांची नक्षी बदलते. चोर्ल्यात मात्र जंगल आहे, उघडा सडा म्हणजे कातळाचं पठार आहे, दरी आहे, आणि तीन राज्यांच्या हद्दी इतक्या जवळ येतात की पाट्यांची भाषा बदलते, डांबराचा रंग बदलतो, पण डोंगर तोच राहतो. आपल्यासारख्या सीमेवरच्या माणसांना ते बघताना पोटात काहीतरी हलतं.

मुलगी सात वर्षांची आहे. घाट लागला की तिला उलट्या होतात. डोळे मिटून पडून राहते. तिला हे सगळं कधी बघायला मिळणार?
— एक आई, खानापूर

मिळेल. आधी तिच्या हातातला मोबाइल आणि पुस्तक काढून घ्या. कानाच्या आतला तोल सांगतो की आपण वळतोय, आणि मोबाइलवर खिळलेले डोळे सांगतात की सगळं स्थिर आहे. या दोघांचं जमत नाही म्हणून मळमळतं. बसमध्ये तिला पुढे, ड्रायव्हरच्या पाठीमागच्या रांगेत बसवा आणि दूरचा रस्ता बघायला लावा. खिडकी थोडी उघडी ठेवा. निघताना पोट रिकामं नको आणि भरगच्चही नको, पेजेसारखं हलकं काही द्या. आलेपाकाची वडी जवळ असू द्या. एवढ्याने भागलं नाही तर डॉक्टरांना विचारून निघण्याआधी द्यायचं औषध घ्या.

आणि तिला एक काम द्या. पुढचं वळण डावीकडे की उजवीकडे, ते तिने आधी सांगायचं. ड्रायव्हरला सहसा घाटात मळमळत नाही, कारण गाडी कुठे वळणार ते त्याला आधी ठाऊक असतं. आमच्या मुलांना ह्यांनी असंच पुढे बसवून नेलं. झाडांची रांग कुठे तुटते, कठडा कुठे दिसतो, समोरच्या डोंगरावर रस्त्याची पांढरट खूण कुठे आहे, यावरून मुलं वळण ओळखायला लागतात. मुलगी हे खेळायला लागली की तुमच्या आधी तिला घाट दिसेल.

बाई, मी सातवीत आहे. मी डोंगरावर वळणाचा रस्ता काढला, पण तो डोंगरावर रिबीन चिकटवल्यासारखा दिसतो. रस्ता झोपलेला कसा काढायचा?
— विद्यार्थी, जांबोटी

तुझा प्रश्न मला फार आवडला, कारण रस्ता झोपलेला दिसला पाहिजे हे तुला कळलं आहे. घरातलं जेवणाचं ताट घे. ते उभं धरलं की गोल दिसतं. आता ते जमिनीवर ठेव आणि लांबून बघ. गोल चपटा झाला ना? तू डोळे जसजसे खाली आणशील तसतसा तो आणखी चपटा होईल. रस्त्याचं वळण म्हणजे त्या चपट्या गोलाचा अर्धा भाग. तू बहुतेक तो पूर्ण गोल काढला असशील, म्हणून रस्ता उभा राहिला.

दुसरं, रुंदी. जवळचं वळण जाड, त्यापलीकडचं त्याच्या निम्मं, मग अगदी बारीक. वळणाच्या टोकाला रस्ता डोंगराआड जातो तिथे रेष तोडून टाक, ओढत नेऊ नकोस. पुढे कुठून बाहेर येतो ते थोडं वर, बारीक करून दाखव. मधला रस्ता बघणाऱ्याला मनाने जोडू दे. आणि रस्त्याच्या एका बाजूला डोंगर कापलेला असतो, दुसऱ्या बाजूला कठडा किंवा भिंत असते. डोंगराच्या बाजूला तांबूस रंगाची कड दे, दरीच्या बाजूला सावलीची एक रेष दे. एवढ्याने तुझा रस्ता डोंगरात बसेल.

तू जांबोटीचा आहेस, तुला चित्राचं पुस्तक बघून काढायची गरज नाही. आपल्या बेळगावात के. बी. कुलकर्णींसारख्या मोठ्या चित्रकाराने पिढ्या घडवल्या. रवी परांजपे त्यांचेच विद्यार्थी. वही घेऊन बाहेर जा, वडिलांना बरोबर घे, आणि समोर दिसतं तेच काढ. काढलंस की मला पाठव.

वडील ऐंशीच्या पुढे आहेत. तरुणपणी भाजीच्या ट्रकवर क्लीनर होते, वेंगुर्ल्यापर्यंत जायचे. आता गुडघे चालत नाहीत. एकदा घाट दाखव म्हणतात. त्यांना कुठे न्यावं?
— वाचक, टिळकवाडी, बेळगाव

आंबोलीला न्या. ते ज्या वाटेने जायचे तीच वाट, आणि मुख्य धबधबा रस्त्याला लागूनच असल्यामुळे गाडीत बसून दिसतो. पण जुलै-ऑगस्टच्या शनिवार-रविवारी अजिबात नको. तेव्हा गर्दीत दोन-दोन तास अडकायला होतं आणि वडिलांना लघवीला उतरवायलाही जागा मिळत नाही. ऑक्टोबरचा कुठलाही कामाचा दिवस धरा. पाऊस सरलेला असतो, ओहोळांना पाणी असतं, हवा धुतलेली असते आणि लांबपर्यंत दिसतं.

त्यांना पुढे डाव्या सीटवर बसवा, मागे उशी द्या. माथ्यावरून पायथ्यापर्यंत उतरा आणि परत चढा. चढताना गाडी सावकाश असते, तेव्हा वळणं जास्त चांगली दिसतात, शिवाय अरुंद जागी उतरणाऱ्याने चढणाऱ्या गाडीला वाट द्यायची असते, त्यामुळे तुम्हाला कुणी मागे रेटणार नाही. उतरताना दुसऱ्या-तिसऱ्या गिअरमध्ये राहा, गाडी न्यूट्रल करू नका. क्लीनर होते म्हणता, तर प्रत्येक वळणाला ते स्वतःच तुम्हाला बजावतील. बजावू द्या. कुठल्या वळणावर गाडी बंद पडली होती, कुठे इंजिनात पाणी घालायला थांबायचे, हे विचारा आणि मोबाइलवर त्यांचं बोलणं रेकॉर्ड करून घ्या. जेवणाचा डबा घरून न्या, औषधं बरोबर ठेवा, दुपारी चारच्या उजेडात घाट चढून वर या, म्हणजे अंधार पडायच्या आत शिनोळी गाठाल.